हमाल सापडतो, मालक सुटतो

माधवनगरला समुद्रकिनारा नाही, बंदर नाही, विमानतळ नाही. पुणे-मिरज लोहमार्गावर सांगली आणि नांद्रे यांच्या मधले हे एक लहानसे स्थानक. परराष्ट्राची सीमा येथून शेकडो कोस दूर. तस्करी हा शब्द येथील माणसाला केवळ वर्तमानपत्रातून आणि चित्रपटातून कळावा, अशी या गावाची भौगोलिक स्थिती आहे. परंतु गेल्या काही वर्षांतील घटना पाहिल्या म्हणजे हा समज टिकत नाही. २०२४ च्या फेब्रुवारीत पुणे पोलिसांनी माधवनगरला लागूनच असलेल्या कुपवाडमध्ये शंभर किलोंहून अधिक मेफेड्रोन पकडले. त्याच वर्षी मार्चमध्ये मुंबई पोलिसांनी कवठेमहांकाळ तालुक्यातील इरळी येथे या विषाचा चक्क कारखानाच उघडकीस आणला. तेथे सव्वाशे किलोंच्या आसपास माल सापडला. २०२५ च्या जानेवारीत विट्याजवळील कार्वे औद्योगिक वसाहतीतही तोच प्रकार आढळला. आणि या सर्वांच्या आधी, २८ ऑगस्ट २०२० रोजी, दिब्रुगडहून नवी दिल्लीस पोहोचलेल्या राजधानी एक्स्प्रेसमधून आठ प्रवासी उतरले. त्यांच्या अंगावरील खास शिवून घेतलेल्या कापडी बंड्यांतून महसूल गुप्तचर संचालनालयाने सोन्याच्या ५०४ लगडी काढल्या. वजन ८३ किलो ६२१ ग्रॅम, किंमत सुमारे ४३ कोटी रुपये. हे आठही जण सांगली जिल्ह्यातील होते.

या बातमीने जिल्ह्यात दोन प्रतिक्रिया उमटल्या. एक प्रतिक्रिया लाजेची, दुसरी कुतूहलाची. तिसरी प्रतिक्रिया, जी विचाराची असावयास हवी होती, ती फारशी उमटली नाही. सांगलीची माणसे ब्रह्मदेशाच्या सोन्याजवळ पोहोचली कशी? त्यांच्या अंगावर असलेले ४३ कोटींचे सोने त्यांचे स्वतःचे होते काय? आणि नसेल, तर ज्यांचे होते त्यांच्यापर्यंत कायद्याचा हात का पोहोचत नाही? तस्करी शोधण्याच्या आणि रोखण्याच्या सर्व पद्धतींची खरी कसोटी या प्रश्नांत आहे.

पहिल्या प्रश्नाचे उत्तर दुष्काळात आहे. खानापूर, आटपाडी, कवठेमहांकाळ हा पूर्वापार अवर्षणाचा पट्टा. शेती जगवीत नाही म्हणून येथील तरुण पिढ्यान्‌पिढ्या घर सोडत आले आणि सोने-चांदी गाळण्याची कला शिकून देशभरच्या सराफ बाजारांत पसरले. जुने दागिने मुशीत वितळवायचे, आम्लाच्या साहाय्याने हीण वेगळे करायचे आणि चोख सोन्याची लगड सराफाच्या हाती द्यायची, हा गलाईचा धंदा. भट्टीची धग आणि आम्लाचा धूर फुप्फुसात घेऊन हजारो माणसांनी प्रामाणिकपणे हा व्यवसाय केला, गावी पैसे पाठवले, घरे बांधली, शाळांना देणग्या दिल्या. नागनाथअण्णा नायकवडी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तेरा दुष्काळी तालुक्यांच्या पाण्यासाठी दीर्घकाळ लढा दिला, तो याच मुलखाच्या स्थलांतराविरुद्धचा लढा होता. अशा समाजातील सोन्याची पारख असलेला, परमुलखाची भाषा जाणणारा, दूरच्या प्रवासाची सवय असलेला आणि बोभाटा न करणारा तरुण चोरट्या व्यापाऱ्याला हमाल म्हणून सोयीचा वाटावा, यात नवल नाही. तपास यंत्रणेच्या म्हणण्यानुसार ते सोने ब्रह्मदेशातून मणिपूरमधील मोरेह मार्गे आले होते. मोरेहपासून विट्यापर्यंतचे अंतर फार मोठे आहे; पण एका बाजूला नफा आणि दुसऱ्या बाजूला गरज असली की ते तुटते. आठ माणसांवरील आरोपावरून सबंध गलाई समाजाला संशयाच्या पिंजऱ्यात उभे करणे हा मात्र अन्याय होईल.

दुसऱ्या प्रश्नासाठी थोडा हिशेब मांडावा लागेल. जागतिक दराने एक किलो सोन्याची किंमत ५० लाख रुपये धरली आणि आयात शुल्क एक टक्का असले, तर चोरून माल आणणाऱ्याची बचत किलोमागे ५० हजार रुपये होते. एवढ्यात वाहकाची मजुरी, प्रवास, लाच आणि पकडले जाण्याची जोखीम भागत नाही. धंदा परवडत नाही. तेच शुल्क दहा टक्के झाले की बचत पाच लाखांवर जाते, पंधरा टक्के झाले की साडेसात लाखांवर. भारतात २०१२ च्या प्रारंभी सोन्यावरील शुल्क दोन टक्के होते. चालू खात्यावरील तुटीच्या धास्तीने ते वाढत वाढत ऑगस्ट २०१३ मध्ये दहा टक्क्यांवर गेले, २०१९ मध्ये साडेबारा टक्के झाले आणि २०२२ च्या जुलैत उपकरासह पंधरा टक्क्यांवर पोहोचले. राजधानी एक्स्प्रेसमधले सोने पकडले गेले तेव्हा दर साडेबारा टक्के होता. म्हणजे त्या एका खेपेत, केवळ शुल्क चुकवण्यातून, पावणेपाच कोटींच्या आसपास रक्कम सुटणार होती. २०२४ च्या जुलैत सरकारने शुल्क सहा टक्क्यांवर आणले, तेव्हा तस्करीचा मोबदला एका रात्रीत निम्म्याहून खाली आला. कोणत्याही क्ष-किरण यंत्राने आणि कोणत्याही श्वानपथकाने एवढे काम एका रात्रीत केले नसते.

हा धडा नवा नाही. एकोणिसाव्या शतकात इंग्रजांनी मिठावरील कर वसूल करण्यासाठी सिंधूपासून महानदीकडे, वाटेत बऱ्हाणपूरला स्पर्श करीत, दोन हजारांहून अधिक मैलांची जकात रेषा आखली. तिच्या फार मोठ्या भागावर काटेरी झुडपांचे जिवंत कुंपण वाढवले आणि राखणीला बारा हजारांच्या आसपास माणसे ठेवली. तरीही मीठ कुंपण ओलांडतच राहिले, आणि पहारेकरी गरिबांना नाडून लाच खातच राहिले. १८७९ साली ही रेषा मोडली गेली ती पहारा जिंकला म्हणून नव्हे. निरनिराळ्या प्रांतांतील मिठावरील कर जवळजवळ सारखे केल्यामुळे चोरट्या वाहतुकीतला फायदाच उरला नाही म्हणून. गोवा बनावटीचे मद्य इन्सुलीच्या नाक्यावर आजही पकडले जाते, त्याचे मूळही दोन राज्यांतील करांच्या तफावतीतच आहे.

स्वतंत्र भारताने सोन्याच्या बाबतीत हाच अनुभव पुन्हा विकत घेतला. १९६३ च्या जानेवारीत मोरारजी देसाई यांनी सुवर्ण नियंत्रण आणले आणि चौदा कॅरटहून अधिक शुद्धतेचे दागिने घडवण्यास बंदी घातली. हेतू चांगला होता. चीनच्या आक्रमणानंतर परकीय चलनाची चणचण होती. पण मार पडला तो ऐरणीवर बसलेल्या सोनारावर. लक्षावधी कारागिरांचा रोजगार बुडाला, काहींनी आत्महत्या केल्या. दुबईहून गलबतांनी येणारी दहा तोळ्यांची बिस्किटे मात्र कोकण आणि गुजरातच्या किनाऱ्यांवर उतरतच राहिली, किंबहुना त्यांची भरभराटच झाली. १९७४ साली विदेशी चलन संरक्षण आणि तस्करी प्रतिबंधक कायदा, म्हणजेच ‘कॉफेपोसा’, आला. खटल्यावाचून स्थानबद्ध करण्याचा अधिकार सरकारला मिळाला. पुढच्याच वर्षी आणीबाणीत तुरुंगांतून तस्कर आणि लोकशाहीवादी शेजारी शेजारी कोंडले गेले. १९७७ मध्ये मुंबईच्या काही नामांकित तस्करांनी जयप्रकाश नारायण यांच्यासमोर धंदा सोडल्याची शपथ घेतली, हा प्रसंग जुन्या कार्यकर्त्यांच्या स्मरणात असेल. शपथेने काही व्यक्ती कदाचित बदलल्या असतील; धंदा बदलला नाही, कारण धंद्याचे अर्थशास्त्र तसेच होते. ते बदलण्याची सुरुवात १९९० मध्ये झाली, जेव्हा अर्थमंत्री मधु दंडवते यांनी सुवर्ण नियंत्रण कायदा रद्द केला. समाजवादी परंपरेतल्या अर्थमंत्र्याने नियंत्रणे उठवावीत याचे तेव्हा काहींना आश्चर्य वाटले; परंतु जे नियंत्रण कारागिराला चिरडते आणि तस्कराला पोसते, त्यात समाजवाद कसला? १९९२ मध्ये परदेशस्थ भारतीयांना शुल्क भरून पाच किलोपर्यंत सोने आणण्याची मुभा मिळाली आणि सोन्याच्या तस्करीचा कणा मोडला. तो पुन्हा सरळ झाला २०१३ नंतर, शुल्क वाढल्यावर.

यावर एक रास्त आक्षेप येईल. सोन्यावरील शुल्क शून्य केले तर श्रीमंतांच्या हौसेसाठी देशाचे परकीय चलन वाहून जाईल, आणि हे समाजवाद्यांनी मान्य करावे काय? आक्षेप गंभीर आहे. सोने ही चैनीची वस्तू आहे, तिच्यावर कर असलाच पाहिजे. पण कर कागदावर किती आहे यापेक्षा तिजोरीत किती येतो हे महत्त्वाचे. ज्या दराला चोरवाट परवडू लागते, त्या दरापलीकडचा प्रत्येक टक्का सरकारला नव्हे, तर तस्कराला मिळतो. श्रीमंतांकडून वसूल करायचे असेल तर संपत्तीवर आणि वारशावर कर लावावा, जमीनजुमल्याच्या व्यवहारांतील काळा पैसा शोधावा. भारताने मालमत्ता शुल्क १९८५ मध्ये आणि संपत्ती कर २०१५ मध्ये काढून टाकला, आणि मग सोन्याच्या आयातीवर कर चढवून समतेचे समाधान मानले. हा उलटा न्याय आहे.

शिवाय सर्वच तस्करी शुल्काच्या तफावतीतून जन्मत नाही, हेही मान्य केले पाहिजे. मादक द्रव्ये आणि स्फोटके यांना शुल्ककपातीचा उतारा लागू पडत नाही. तेथे शोध आणि पहारा यांना पर्याय नाही. म्हणून शोधाच्या पद्धतींचाही विचार करावयास हवा. न्हावा-शेवासारख्या बंदरात येणाऱ्या कंटेनरांच्या संख्येपुढे प्रत्येक कंटेनर उघडणे अशक्य आहे. त्यामुळे कोणता माल, कोणत्या देशातून, कोणाच्या नावे येतो यावरून संशयाची प्रतवारी लावली जाते आणि मोजके कंटेनर क्ष-किरणांखाली घातले जातात. २०२० मध्ये याच बंदरात ज्येष्ठमधाच्या नावाखाली आणलेल्या मालात लपवलेले १९१ किलो हेरॉइन सापडले. २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये वाशी येथे आयात संत्र्यांच्या खोक्यांतून १९८ किलो मेथ आणि ९ किलो कोकेन निघाले. २०२१ मध्ये गुजरातच्या मुंद्रा बंदरात सुमारे तीन हजार किलो हेरॉइन पकडले गेले. या प्रकरणांचे स्वरूप पाहिले तर एक गोष्ट उघड होते: यंत्र माल दाखवते, पण कोठे पाहावे हे यंत्राला माणसाने आधी सांगावे लागते. इरळीच्या कारखान्यापर्यंत मुंबईचे पोलीस पोहोचले ते कुर्ल्यात पकडलेल्या एक किलोहूनही कमी मालाचा माग चिकाटीने उलट काढत. नाक्यावर हजार गाड्या थांबवण्यापेक्षा एका पुडीचा माग तिच्या उगमापर्यंत काढणे अधिक फलदायी, हा या तपासाचा धडा आहे. कच्चे रसायन कोणी विकले, जागा कोणी भाड्याने दिली, विजेची मागणी अचानक का वाढली, हे प्रश्न औद्योगिक वसाहतीच्या कार्यालयातच विचारता आले असते.

आणि पहारा कितीही कडक असला तरी पहारेकरीच विकला गेला तर काय होते, याचे सर्वांत भीषण उदाहरण महाराष्ट्राच्याच किनाऱ्यावर घडले. १९९३ च्या जानेवारीत दिघी येथे उतरवलेला चोरटा माल घेऊन निघालेली वाहने रायगड जिल्ह्यातील गोंडघर फाट्यावर पोलिसांनी अडवली होती. माल सापडला होता, माणसे सापडली होती. शोध यशस्वी झाला होता! परंतु लाच ठरली आणि वाहने सोडून देण्यात आली. पुढच्याच महिन्यात शेखाडीच्या किनाऱ्यावर आरडीएक्स उतरले आणि १२ मार्च रोजी मुंबईत २५७ माणसे मरण पावली. या खटल्यात पोलीस आणि सीमाशुल्क खात्यातील माणसेही दोषी ठरली, आणि २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यावर अंतिम निर्णय दिला. त्या रात्री गोंडघर फाट्यावर उपकरणांची वाण नव्हती. वाण होती सचोटीची.

तुरुंगांची कथाही वेगळी नाही. सांगलीच्या तुरुंगाला एक तेजस्वी इतिहास आहे. २४ जुलै १९४३ रोजी वसंतदादा पाटील आणि त्यांचे सहकारी येथूनच तट ओलांडून बाहेर पडले. स्वातंत्र्यलढ्यात तुरुंगातून चोरून निघालेली पत्रे आणि चोरून आत आलेली वर्तमानपत्रे हा अभिमानाचा विषय होता. आजचा चोरटा माल निराळा आहे. कोल्हापूरच्या कळंबा कारागृहात २०२० मध्ये भिंतीवरून फेकलेल्या गाठोड्यांतून मोबाईल आणि गांजा सापडला, आणि त्यानंतरही तेथील झडत्यांमध्ये मोबाईल सापडतच राहिले. माल आत जाण्याचे मार्ग तीनच: भिंत, न्यायालयात नेआण होणारा कैदी अथवा त्याला भेटणारा माणूस, आणि दरवाजा राखणारा कर्मचारी. पहिल्यावर जाळी आणि मनोरे, दुसऱ्यावर झडती आणि शरीर तपासणारी यंत्रे, एवढ्यावर शासन थांबते. तिसऱ्याकडे पाहताना डोळे झाकले जातात आणि मोबाईल सापडलाच तर एखाद्या शिपायाला निलंबित करून प्रकरण मिटवले जाते.

येथेही मागणी कोठून येते हे पाहिले पाहिजे. २०२२ अखेर देशातील तुरुंगांत ५ लाख ७३ हजार २२० बंदी होते. त्यांपैकी ४ लाख ३४ हजारांहून अधिक, म्हणजे चारांतले तीन, कच्चे कैदी होते. ज्याचा गुन्हा सिद्ध झालेला नाही, ज्याला वकिलाशी बोलता येत नाही, घरी मूल आजारी आहे की आई गेली हे कळत नाही, त्याला चोरीचा मोबाईल कितीही पैशाला घ्यावासा वाटणारच. त्या गरजेच्या आडून टोळीचा म्होरक्याही आपला मोबाईल मिळवतो आणि आतून खंडणीची यंत्रणा चालवतो. गरजूला अधिकृत दूरध्वनी नियमित आणि स्वस्त मिळाला तर चोरबाजारात म्होरक्याच तेवढा उरेल आणि सहज दिसेल. येरवड्यात स्मार्ट कार्डावर दूरध्वनीची सोय सुरू झाली, तिचा विस्तार जिल्हा तुरुंगापर्यंत झाला पाहिजे. न्यायमूर्ती मुल्ला समितीने १९८३ मध्ये तुरुंग कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्ती आणि प्रशिक्षणाकडे लक्ष वेधले होते. चाळीस वर्षांनंतरही तोच विषय तेथेच आहे. थकलेला, अपुऱ्या पगाराचा आणि वर्षानुवर्षे एकाच दरवाज्यावरचा माणूस हे तुरुंगाच्या भिंतीतले सर्वांत मोठे भगदाड आहे.

आता तिसरा प्रश्न, मालकाचा. दिल्लीच्या प्रकरणात राष्ट्रीय तपास यंत्रणेने बेकायदा कृत्ये प्रतिबंधक कायदा, म्हणजे दहशतवादविरोधी कायदा, लावला. दिल्ली उच्च न्यायालयाने जून २०२२ मध्ये आरोपींना जामीन देताना स्पष्ट केले की देशाच्या आर्थिक सुरक्षिततेला धोका असल्याचे दिसत नसेल तर नुसती सोन्याची तस्करी दहशतवादी कृत्य ठरत नाही. केरळ उच्च न्यायालयानेही आदल्या वर्षी तसाच अर्थ लावला होता. ज्या चळवळीने मिसा भोगला तिने हा निर्णय नीट वाचला पाहिजे. सीमाशुल्क कायद्यात अधिकारांची कमतरता नाही: पकडलेले सोने चोरीचे नाही हे सिद्ध करण्याची जबाबदारी कलम १२३ ज्याच्याकडे ते सापडले त्याच्यावरच टाकते. त्याच कायद्यात नागरिकाचे संरक्षणही आहे. स्त्रीची झडती स्त्रीनेच घ्यावी असा दंडक आहे. कठोर कायद्याची कुऱ्हाड अंगावर बंडी घातलेल्या हमालावर पडते. ज्याने पैसा गुंतवला, ज्याने बनावट ओळखपत्रे करून दिली, ज्याच्या पेढीवर ती लगड बिनपावतीची उतरणार होती, तो जमाखर्चाच्या वह्यांतच सापडू शकतो, आणि वह्या तपासण्याचे काम चिकाटीचे असते, त्याला मथळे मिळत नाहीत.

तेव्हा मागणी काय असावी, हे स्पष्ट आहे. सोन्यावरील शुल्क चोरवाट परवडणार नाही अशा पातळीवर स्थिर ठेवावे आणि तुटीची भरपाई संपत्तीवरील करातून करावी. प्रत्येक मोठ्या जप्तीनंतर वाहक किती पकडले आणि मालक किती पकडले, याचा हिशेब दरवर्षी विधिमंडळापुढे आणि संसदेपुढे ठेवावा. नाका आणि तुरुंगाचा दरवाजा येथील नेमणुका ठरावीक मुदतीने बदलाव्यात. तुरुंगाच्या नियमावलीतील अशासकीय अभ्यागतांच्या जागा भराव्यात आणि त्यांचे अहवाल प्रसिद्ध करावेत.

कार्यकर्त्यांचे कामही यात आहे. विटा-आटपाडीच्या घराघरांतून परमुलखात जाणाऱ्या तरुणाची नोंद ठेवणारी, त्याला त्याचे हक्क आणि धोके सांगणारी, अडकला तर वकील देणारी गलाई कामगारांची संघटना उभी करणे अवघड नाही. कुपवाडच्या वसाहतीत कोणत्या बंद शेडमधून रात्री धूर निघतो, हे शेजारच्या कामगाराला सर्वांआधी कळते. त्याला निर्भयपणे बोलता येईल असा आधार संघटनेनेच द्यावयाचा असतो. हमालाला पकडण्याने मालाची एक खेप थांबते. दुसरा हमाल त्याच दुष्काळी गावातून उद्या मिळू नये, ही व्यवस्था केली तरच धंदा थांबेल.